भरीत-भाकरीचा सीन

उदाजीराव दिग्दर्शक आहेत असं मी म्हणत नाही, ते म्हणतात. धारपासून देवासपर्यंत जिथे जिथे त्यांच्या पिक्चरचं पोस्टर लागलं, तिथे तिथे खळीचा डबा घेऊन ते स्वतःच गेले होते, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. गेल्या सोळा वर्षांत त्यांनी बारा पिक्चर काढले, सगळे खुनाचे. बाराच्या बारा मी एडिट केले. तेव्हा या माणसाबद्दल बोलायचा अधिकार त्यांच्या बायकोखालोखाल माझाच आहे, आणि ती बिचारी बोलत नाही.

देवासला बस स्टँडच्या मागच्या गल्लीत माझी मिक्सिंग लॅब आहे. लॅब म्हणजे एक खोली, दोन कंप्यूटर आणि एक एसी, तोही कंप्यूटरसाठी. वडील जळगावकडून इथल्या कारखान्यात नोकरीला आले, मी इथेच वाढले. नवरा लग्नाचे व्हिडिओ काढायचा. तो गेल्यावर कॅमेरा मी विकला आणि एडिटिंग शिकून घेतलं. लग्नं, मुंजी, रिटायरमेंटचे समारंभ आणि मधूनमधून उदाजीराव, असं माझं चालतं. लोक विचारतात, अल्पनाताई, तुम्ही यांची कामं का घेता? पावसाळ्यात लग्नं नसतात म्हणून घेते.

उदाजीरावांचं घराणं धारचं. पणजोबा दरबारात होते म्हणे. कोण होते ते दर वेळी बदलतं. एकदा किल्लेदार होते, एकदा शिकारखान्याचे प्रमुख, आणि एका यूट्यूबवाल्या पोराने मुलाखत घेतली तेव्हा तर थेट राजांचे सल्लागार झाले. आजच्या तारखेला त्या सगळ्या वैभवातून उरलंय ते म्हणजे एक पगडीवाला फोटो आणि उदाजीरावांच्या मिशा. घर चालतं बायकोच्या, माधवीबाईंच्या पगारावर. त्या सरकारी शाळेत विज्ञान शिकवतात, सकाळी डबा करून जातात, आणि तो डबा खाऊन उदाजीराव समाजाचं भेसूर सत्य दाखवायला बाहेर पडतात. बडा घर पोकळ वासा म्हणतात, पण इथे वासा तरी माधवीबाईंचा आहे.

त्यांचा आवडता शब्द ‘रॉ’. "अल्पना, तुम समझ नी रही," ते माझ्या खुर्चीमागे उभे राहून म्हणतात, "मला रॉ चाहिये. पब्लिकला लगना चाहिये की कॅमेरा चोरून ठेवलाय." म्हणून कॅमेरा हलतो. उमाशंकर नावाचा आमचा कॅमेरामन चांगला स्थिर हाताचा माणूस, बिचाऱ्याला मुद्दाम लटपटावं लागतं. रक्त म्हणजे बीटाच्या रसात कालवलेला मैदा. त्यावर माश्या बसल्या की उदाजीराव खूष होतात, माश्या फुकट आल्या म्हणून. पहिला पिक्चर ‘बागली बायपास’. त्यात बागलीच्या रस्त्यावर नऊ खून होतात आणि एकही गाडी थांबत नाही, कारण गाड्या थांबवायला परवानगी नव्हती. त्याच्या सीड्या इंदूरच्या बसमधल्या ड्रायव्हरांनी घेतल्या. पुढे सीड्या गेल्या, यूट्यूब आलं. उदाजीराव तिथेही पोचले.

या गुन्हेगारीच्या जाणकाराची एक गोष्ट सांगते. एकदा त्यांचा मोबाईल हरवला. तक्रार द्यायला पोलीस ठाण्यात गेले, बाकावर बसले, आणि समोर एका माणसाला हवालदार जरा मोठ्याने बोलला तसे उठून घरी आले. तक्रार शेवटी माधवीबाईंनी लिहून दिली. त्याच महिन्यात आम्ही त्यांचा ‘तीसरी तारीख’ एडिट करत होतो. त्यात नायक इन्स्पेक्टरला टेबलावर पाय ठेवून शिव्या देतो.

हे सगळं हसण्यावारी नेता आलं असतं. अकरावा पिक्चर झाला नसता तर मी आजही नुसती हसत असते.

सावित्रीबाई आमच्याच कॉलनीतल्या. त्यांचे यजमान आणि माझे वडील एका खात्यात कामाला. मी त्यांना काकू म्हणते. नवरा लवकर गेला, एकच मुलगा, अक्षत. तो ट्रान्सपोर्टवाल्याकडे होता, कापसाच्या हंगामात गाड्यांबरोबर जायचा. चार वर्षांपूर्वी धारकडच्या मनावर गावी, कापसाच्या मंडीत गाड्यांच्या रांगेवरून बाचाबाची झाली. कुणाची गाडी आधी लागायची एवढंच. कुणीतरी जॅकचा दांडा डोक्यात घातला. अक्षत जागीच गेला. दुपारी बारा वाजता त्याने घरी फोन केला होता: मी संध्याकाळपर्यंत पोचतो, सकाळपासून काही खाल्लं नाही, वांग्याचं भरीत कर. काकूंनी वांगी भाजून ठेवली होती.

दहाव्याला क्षिप्रेच्या घाटावर मी होते. पिंड ठेवला, त्यावर भरीत ठेवलं, भाकरी ठेवली. कावळा आला नाही. म्हणजे आले, समोरच्या झाडावर चांगले पाच-सात बसले होते, पण एक खाली उतरेना. आपल्याकडे असं झालं की मग गेलेल्याला शब्द द्यायचा असतो. मामाने दिला, तुझ्या आईला मी बघतो. ट्रान्सपोर्टवाल्याने दिला, केस मी लढवतो. दीड तास गेला. शेवटी गुरुजींनी दर्भाचा कावळा करून पिंडाला शिववला आणि सगळे घरी जाऊन जेवले. काकू जेवल्या नाहीत. त्यांच्या मनाने एकच घेतलं: पोराला बाकी कशाची वासना नव्हती, तो भुकेला गेला आणि भुकेलाच राहिला.

ही गोष्ट उदाजीरावांना कुणी सांगितली? मी. लॅबमध्ये चहा पिता पिता. उचलली जीभ लावली टाळ्याला. त्यांचे डोळे असे चमकले की मला तिथेच कळायला हवं होतं.

आठवड्याभरात ‘मनावर मंडी’ची जुळवाजुळव सुरू झाली. रांगेच्या भांडणात मेलेला मुलगा उदाजीरावांना पुरेना. "इसमें वजन नी है," ते म्हणाले. म्हणून अक्षत कापसाच्या टोळीचा खबऱ्या झाला. त्याची भूमिका राजवीरला दिली, बागलीत जिम चालवणारा पोरगा, जो आमच्या पिक्चरमध्ये एरवी खून करतो. आणि आईच्या भूमिकेसाठी उदाजीरावांना खरी आई हवी होती. ही त्यांची पद्धतच. बळी पडलेल्याचं घर, त्याचीच खाट, जमलं तर त्याचेच नातेवाईक. याला ते खरेपणा म्हणतात. मी त्याला नटाचा खर्च वाचवणं म्हणते.

मला वाटलं काकू यांना दारातूनच परत पाठवतील. काकूंनी त्यांना बसवलं, पाणी दिलं, सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "मी करते काम. पण एक आहे. तुमच्या पिक्चरमध्ये तो त्या दिवशी घरी आला पाहिजे, आणि जेवला पाहिजे. मग तुम्ही त्याचं काय करायचं ते करा."

उदाजीराव हात जोडून म्हणाले, "मावशी, वचन."

बाहेर आल्यावर पायरीवर बूट घालताना मला म्हणाले, "शूट कर लेंगे. मना काय को करना." मी त्यांच्याकडे पाहिलं, त्यांनी बुटाच्या नाडीकडे. तो सीन ठेवायचा त्यांचा विचार नव्हता हे मला त्या पायरीवरच माहीत होतं. काकूंना सांगायला मी परत आत गेले नाही.

सीन काकूंच्या स्वयंपाकघरात होता. काकू पहाटे उठल्या होत्या. वांगी गॅसवर भाजली, वरून कच्चं तेल, कांद्याची पात, दाण्याचं कूट. भाकऱ्या हातावर थापल्या. उदाजीरावांनी राजवीरला सांगून ठेवलं होतं, दोन घास खा, तिसऱ्याला मोबाईल वाजेल, उठ आणि निघ. राजवीर तसा डाएटवाला, उकडलेली अंडी मोजून खाणारा. तो पाटावर बसला. काकूंनी ताट वाढलं. तेवढ्यात बाहेर जनरेटरवाल्याने कुरबूर काढली, तसे उदाजीराव ‘ॲक्शन’ एवढं बोलून त्याच्याशी भांडायला बाहेर गेले.

मोबाईल वाजवायचा होता त्यांच्याच खिशातून. तो वाजला नाही. राजवीरने दोन घास खाल्ले, तिसरा खाल्ला, इकडेतिकडे पाहिलं. काकू समोर बसल्या होत्या, त्याच्या हाताकडे बघत. त्यांनी काही संवाद म्हटला नाही, त्यांना दिलेला तरी कुठे होता. नुसतं भरीत वाढलं. राजवीर खात राहिला. मग त्याने मान खाली घालून आपणहून म्हटलं, "आई, एक भाकरी और दे." हे कुठेही लिहिलेलं नव्हतं. काकू उठल्या, तव्यावरची गरम भाकरी आणली, हाताने मोडून ताटात घातली. उमाशंकर कॅमेरा हलवायचा विसरला. नऊ मिनिटं तो सीन चालला. राजवीरने ताट पुसून खाल्लं, हात धुतले, काकूंच्या पदराला पुसले. मग बाहेरून उदाजीराव आले आणि म्हणाले, "अरे, कट किसने बोला?" कुणीच बोललं नव्हतं.

सोळा वर्षांत त्यांच्या नावावर एक चांगला सीन झाला, तो ते जनरेटरवाल्याशी भांडत असताना झाला. काकू त्या दिवशी आम्हा सगळ्यांना जेवू घालून मग स्वतः जेवल्या. मला म्हणाल्या, "अल्पना, कधी लागेल गं हे?"

एडिटिंगला उदाजीरावांनी तो सीन एकदा पाहिला, तोही फोनवर बोलता बोलता. "निकाल दे," म्हणाले. "पिक्चर बैठ रही है. तो जेवायला घरी आला तर मरायला मनावरला कसा जाणार?"

मी म्हटलं, "वचन दिलंय तुम्ही."

"भावना में बहोगी तो रॉ कहाँ से आयेगा?"

एवढंच झालं. मी भांडले असते तर सांगितलं असतं. मी एकदा बोलले आणि मग कापला. नऊ मिनिटांचा सीन काढायला एक बटण लागतं. हार्डडिस्क ते रोज कापडी पिशवीत घालून घरी नेत, माझ्यावर विश्वास नाही म्हणून नव्हे, चोरीला जाईल म्हणून. त्यांचे पिक्चर चोरणारा चोर अजून जन्माला यायचाय.

‘मनावर मंडी’ आम्ही इथल्या मराठी समाजाच्या हॉलमध्ये दाखवला. काकू इस्त्रीची साडी नेसून आल्या, शेजारच्या सृष्टीला बरोबर घेऊन. सृष्टी कॉलेजात जाते, काकूंचा मोबाईल तीच बघून देते. त्या पहिल्या रांगेत बसल्या. पोरगा टोळीचा खबऱ्या म्हणून दाखवला, त्याला शिव्या घातल्या, दांड्याचा तो वार तीन वेगवेगळ्या बाजूंनी दाखवला. काकू हलल्या नाहीत. त्या थांबल्या होत्या. नावं वर गेली, दिवे लागले, लोक खुर्च्या सरकवून उठले, तरी त्या बसूनच होत्या.

उदाजीराव हार घालून उभे होते. हारही त्यांनीच आणलेला. काकू त्यांच्यापाशी गेल्या. "तो जेवायला कधी बसतो?"

"मावशी, लंबी हो रही थी ना. टाइट करावी लागली."

काकू माझ्याकडे वळल्या. "कुणी काढलं ते?"

"यांनी सांगितलं, काकू."

"सांगितलं त्यांनी. काढलं कुणी?"

"मी."

त्यांनी मान हलवली. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. "म्हणजे परत उपाशीच," त्या म्हणाल्या, आणि सृष्टीचा हात धरून पायऱ्या उतरल्या.

पुढे त्यांनी एकदा सृष्टीला माझ्याकडे पाठवलं, तेवढा तुकडा मोबाईलवर मिळेल का विचारायला. मी उदाजीरावांना फोन केला. ते म्हणाले, "रॉ फुटेज बाहेर नी जाता. उसूल है." या माणसाला उसूल आहे हे मला त्या दिवशी कळलं. मी सृष्टीला नाही म्हणून सांगितलं. त्यानंतर दोन वर्षं मी काकूंच्या घरावरून जायचं टाळलं, भाजीला दुसऱ्या रस्त्याने जायला लागले.

यंदाच्या पावसाळ्यात उदाजीराव बाराव्या पिक्चरची पिशवी घेऊन आले. ‘फरार का घर’. राजवीर पुन्हा खुनी, सात माणसं मारून पळालेला. पिक्चर एक तास एकवीस मिनिटं भरला. उदाजीरावांना दीड तास पाहिजे होता, दीड तासाच्या खाली पब्लिक पिक्चरला पिक्चर समजत नाही असं त्यांचं संशोधन आहे. त्यांनी पिशवीतून दुसरी हार्डडिस्क काढली. "अपन कुछ फेंकते नी," ते म्हणाले. "वो मावशीवाला डाल. पुरा. खुनी फरार होण्याच्या आधी आईकडे जेवून जातो."

नऊ मिनिटं कमी पडत होती आणि ती नऊ मिनिटं त्यांच्याकडे होती. एवढाच सगळा विचार. दोन वर्षांपूर्वी ज्या सीनमुळे पिक्चर बसत होता, तोच आता भोक बुजवायला चालत होता.

"त्या बाईला तुम्ही खुन्याची आई करताय," मी म्हटलं. "विचारा तरी."

"फुटेज कहीं भी वापरायच्या फॉर्मवर सही आहे तिची."

सही होती. काकूंना हिंदी फॉर्म वाचून कुणी दाखवला होता? मीच. ‘इथे सही करा’ एवढंच वाचून दाखवलं होतं.

मी सीन घातला. एक मात्र केलं, उदाजीराव चहाला गेले तेव्हा तो तुकडा पेनड्राइव्हवर घेतला. पिक्चर यायच्या आधी काकूंना नेऊन द्यायचा, पायावर डोकं ठेवायचं, सांगायचं की असं असं होणार आहे. पेनड्राइव्ह पर्समध्ये घातला आणि महिनाभर पर्समध्येच राहिला. मला दुसऱ्याला भेकड म्हणायला फार आवडतं, हे वरच्या मजकुरावरून तुमच्या लक्षात आलंच असेल.

पिक्चर यूट्यूबवर आला. तीन आठवड्यांनी उदाजीराव लॅबमध्ये धावत आले, मोबाईल नाचवत. पिक्चर कुणी बघत नव्हतं, रोजचे पाच-सहा व्ह्यू. पण आत एक आलेख असतो, लोक कुठे थांबतात आणि कुठे निघून जातात ते दाखवणारा. तो सगळीकडे जमिनीला टेकलेला होता आणि एकेचाळिसाव्या मिनिटाला उभा चढला होता. पन्नासाव्याला पुन्हा खाली.

"देख," ते म्हणाले, "कुणीतरी रोज बघतं. रोज दुपारी. सीधा एकेचाळीस पे जाता है. हे पुण्याचे फिल्मवाले असणार, अभ्यास करतायत. माझं मौन समजलं त्यांना." ते मौन त्यांचं कसं ते मी विचारलं नाही. आयत्या बिळावरचा नागोबा बिळाबद्दल प्रश्न ऐकत नसतो. "फक्त एक समझ नी आता," ते म्हणाले, "पन्नासला का निघून जातात? असली खून तो बाद में है."

मला एकेचाळीस आकडा पाठ होता. मीच बसवला होता. ते गेल्यावर मी शटर ओढलं आणि पर्स घेऊन निघाले.

काकूंचं दार उघडं होतं. काकू स्वयंपाकघरात खाली बसल्या होत्या. मोबाईल पिठाच्या डब्याला टेकवून ठेवला होता. त्यात राजवीर जेवत होता आणि दोन वर्षांपूर्वीच्या काकू त्याला वाढत होत्या. मला बघून त्यांनी हातानेच बस म्हणून खुणावलं. "थांब," म्हणाल्या, "आता भाकरी मागेल."

त्याने मागितली. काकूंनी पदराने डोळे पुसले नाहीत की काही नाही, समाधानाने मान हलवली. मी वाक्यं ठरवून आले होते. चुकले, काकू, एवढं तरी आधी म्हणायला हवं होतं, पण माझ्या तोंडून निघालं ते भलतंच.

"काकू, सृष्टीने तुम्हाला सांगितलं नाही का? या पिक्चरमध्ये तो अक्षत नाही. खुनी दाखवलाय. सात माणसं मारलीत त्याने. पुढे पोलीस येतात, आणि शेवटी त्याला..."

राजवीर ताट पुसत होता. काकूंनी त्याचे हात धुऊन होईपर्यंत, पदराला पुसून होईपर्यंत वाट पाहिली. मग बोट लावून मोबाईल बंद केला आणि पालथा ठेवला.

"मला नाही माहीत गं पुढचं," त्या म्हणाल्या. "त्याचं जेवून झालं की मी बंद करते."